भाडेकरूचा मीटर
(वार्षिक संमेलनात दिलेले व्याख्यान)



चिटणीसांनी एखाद्या उपयुक्त विषयावर बोलण्याची आज्ञा केली. आम्ही मॅट्रिकपर्यंत शिकलेले; सारा जन्म मुलांस त्रैराशिक व व्याज शिकविण्यात गेला. कायद्याचे पांडित्य आम्हांपाशी नाही. म्हणून ज्या बाबतीत आमचे स्वतःचे चुकले, तीच बाब आज आपणापुढे मांडावी असे ठरविले.

आजच्या सांगली जिल्ह्याचा काही भाग एके काळी सातारा जिल्ह्यातच होता. 1949 साली दक्षिण सातारा निराळा झाला आणि 1960 साली त्यास सांगली हे नाव मिळाले. पाटण तालुक्यात कोयना अडविली गेली व तिच्या पाण्यावरील विजेने दूरदूरचे कारखाने चालू लागले. त्याच कोयनेच्या मुलखात भाड्याच्या खोलीत राहणाऱ्यास स्वतःच्या नावाचा मीटर मिळू नये, ही मोठी चमत्कारिक गोष्ट होय. साताऱ्याच्या पेठांतील जुने वाडे घ्या, अथवा विश्रामबागेतील विद्यार्थ्यांच्या खोल्या घ्या. बहुधा मीटर एकच, तो मालकाचा, आणि भाडेकरूने मालक सांगेल त्या दराने पैसे मोजावयाचे. आपल्या ज्ञातीत दोन्ही पक्ष आहेत. या मंडपात मालक पुढील खुर्च्यांवर व भाडेकरू मागे बसले आहेत, एवढाच काय तो भेद!

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. विद्युत अधिनियम, 2003 याच्या कलम 43 मध्ये, जागेच्या मालकाने किंवा भोगवटादाराने अर्ज केला असता वीज देणे हे वितरण कंपनीचे कर्तव्य सांगितले आहे. ‘किंवा भोगवटादाराने’ हे दोन शब्द कृपा करून ध्यानात ठेवावे. मूळ कलमात मुदत एक महिन्याची आहे. 2020 च्या ग्राहक हक्क नियमांत 2024 साली दुरुस्ती होऊन, अर्ज पूर्ण असल्यास, नगरपालिका हद्दीत सात दिवस व ग्रामीण भागात पंधरा दिवस अशी मर्यादा घालण्यात आली. तथापि व्यवहारात मालकाच्या ना-हरकत पत्राचे घोडे आडवे येत असे. महाराष्ट्रातूनच गेलेल्या दिलीप विरुद्ध सतीश या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 13 मे 2022 रोजी तोही प्रश्न निकालात काढला. वीज ही मूलभूत सोय आहे. मालक ना-हरकत देत नाही एवढ्या कारणावरून ती भाडेकरूस नाकारता येत नाही. अर्जदार त्या जागेत राहतो की नाही, इतकेच पुरवठा करणाराने पाहावयाचे, असा तो निर्णय आहे. शिवाय चालू असलेली वीज योग्य कारणावाचून तोडण्यास महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 याच्या कलम 29 ने मालकास मनाई केली आहे. यासाठी भाडेकरूने भाडेपावती वा नोंदणी केलेला करार जपून ठेवावा. करार नोंदविण्याची जबाबदारी कलम 55 अन्वये मालकाचीच आहे, हे पुढील खुर्च्यांस ठाऊक असेलच.

आता आमची हकीकत. आमच्या साताऱ्याच्या घरात दोन बिऱ्हाडे आहेत. त्यांपैकी एका बाईंनी मीटरसाठी आमची सही मागितली. “पाहू पुढे,” असे म्हणून आम्ही तो कागद पंचांगात ठेविला. दिवाळी गेली, संक्रांत गेली. आमच्या मनात दोन भये होती. एक, बिल नावावर झाले की उद्या घरावर हक्क सांगतील. दुसरे, थकबाकी ठेवून निघून गेल्या तर ती आमच्या माथी येईल. पहिले भय निराधार होते. विजेचे बिल हा काही मालकीचा दस्तऐवज नव्हे. दुसऱ्यात मात्र तथ्य आहे. आधीच्या ग्राहकाची थकबाकी नियमांत तरतूद असल्यास त्या जागेच्या नव्या ग्राहकाकडून मागता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2023 साली म्हटले आहे. परंतु त्यास उपाय अनामत रकमेचा आणि दरमहा बिल पाहण्याचा. सही अडविण्याचा नव्हे.

एके दिवशी बाईंची दहावीतील मुलगी वही घेऊन आली. “गुरुजी, एक उदाहरण सुटत नाही,” म्हणाली. आम्हांस आनंद वाटला. उदाहरण असे होते: तीन घरे एका मीटरवर आहेत, युनिटे 85, 80 व 75, पहिल्या शंभर युनिटांचा दर कमी, पुढील दोनशेंचा दुपटीच्या जवळपास, तर महाग दराने किती युनिटे पडली? आम्ही तोंडीच उत्तर दिले, एकशेचाळीस. “आणि तीन मीटर असते तर?” उत्तर शून्य! आम्ही खडू हाती धरून इतकी वर्षे काढली, आणि आमच्याच भिंतीवरील बेरीज आम्हांस दिसली नव्हती. स्थिर आकार प्रत्येक मीटरला निराळा पडतो हे खरे. तो धरूनही फायदाच उरत होता. बरे, त्या मुलीने कायद्याचा एक शब्दही उच्चारला नाही. हक्क असून तिची आई इतके महिने आमच्या दाराशी विनंती करीत राहिली, याची लाज आम्हांस त्या वेळी वाटली.

पंचांगातील कागद काढून आम्ही त्याच सायंकाळी सही केली. दुसऱ्या बिऱ्हाडासही अर्ज भरून दिला. मीटर बसले. पुढील महिन्यात आमचे स्वतःचे बिल आले ते पंचाऐंशी युनिटांचे, सारे पहिल्याच टप्प्यातले. जुन्या बिलाशी त्याची वजाबाकी त्या मुलीनेच करून दाखविली.