बस्तरचे लोखंड, बस्तरचे रक्त

(उरला, रायपूर येथील कामगार मेळाव्यातील भाषण)



उरल्याच्या भट्ट्यांत पडणाऱ्या खनिजात बैलाडिल्याचेही खनिज असते. 1968 पासून ते खोदले जात आहे. किरंदुलहून विशाखापट्टणमला आपल्याच गाड्या ते वाहतात. डोंगराखालच्या गोंड-माडिया गावांना काय मिळाले? नदीचे लाल पाणी. जंगल सरकारचे झाले, सरपण आणणे गुन्हा ठरले आणि तेंदूच्या पुड्याला ठेकेदार देईल तो भाव. 1980 मध्ये गोदावरी ओलांडून नक्षल दलम गडचिरोली-बस्तरात आले, तेव्हा त्यांनी सुरुवातीलाच हा भाव वाढवून घेतला. लोक त्यांच्यामागे गेले ते पुस्तके वाचून नव्हे!

पण पुढे बंदूकच मालक झाली. खबऱ्या ठरवून गरीब गावकऱ्यांचे मुडदे पाडले गेले. 2005 मध्ये सलवा जुडूम उभे राहिले, शेकडो गावे ओस पडली. आदिवासी पोरांना महिना 3000 रुपयांवर विशेष पोलीस अधिकारी केले. कायम नोकरी नाही, पुरते शिक्षण नाही, मरायला मात्र पुढे. 5 जुलै 2011 रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे घटनाबाह्य ठरवले. कंत्राटी पद्धत आपण यार्डात पाहिली होती, इथे ती लढाईतही आली.

6 एप्रिल 2010 ला ताडमेटल्यात 76 जवान गेले. 28 जून 2012 ला सारकेगुड्यात 17 गावकरी मारले गेले. ते माओवादी असल्याचा पुरावा नाही, असे न्यायिक आयोगानेच पुढे सांगितले. आणि 1 मे 2019, आपला कामगार दिन! कुरखेड्याजवळ जांभूरखेड्यात सुरुंगाने 15 पोलीस आणि त्यांच्या गाडीचा खाजगी ड्रायव्हर मारला. कोणत्या वर्गशत्रूचा हा नाश, कोणी सांगावे. किरंदुल लाइनीचे रूळ उखडले की ते जोडायला जीव मुठीत धरून जाणारा गँगमनही आपलाच.

अंगोलात तेल आणि हिऱ्यांवर 1975 ते 2002 अशी 27 वर्षे यादवी चालली. तिथली बेंग्वेला रेल्वे बंद पडली आणि रेल्वे कामगार देशोधडीला लागले.

मे 2025 मध्ये माओवाद्यांचा सरचिटणीस मारला गेला. ऑक्टोबरात गडचिरोलीत भूपतीने साथीदारांसह शस्त्रे टाकली. चांगले झाले. पण 1996 चा पेसा आणि 2006 चा वनहक्क कायदा ग्रामसभेच्या हाती खरोखर पडणार का? दल्लीराजहरा-रावघाट लाइनीवर तिथल्या पोरांना गँगमनची कायम जागा मिळणार, की ठेकेदाराचा हजेरीपट? हा प्रश्न झोनच्या पुढच्या बैठकीत मी लेखी मांडणार आहे. शाखांनी आपापले ठराव त्याआधी पाठवावेत.