पहिल्या पावसाआधी
(मंडळाच्या कार्यक्रमात केलेले भाषण)



आपण सगळे 'बे एरिया'त राहतो, पण यातला 'बे' आपल्याला दिसतो तो बहुधा डंबार्टन पुलावरून, तोही ऑफिस गाठायच्या घाईत. आज थोडं त्या खाडीबद्दल.

१९६०च्या सुमारास या खाडीच्या काठावर शहरं आपला कचरा आणून टाकत. भराव घालून नवी जमीन काढायच्या योजना होत्या. पाणथळ जागा गेली की पक्ष्यांचं घर गेलं, हे कोण बघणार? १९६१ साली बर्कलीच्या के कर, सिल्व्हिया मॅक्लॉफ्लिन आणि एस्थर गुलिक या तिघींनी 'सेव्ह द बे' चळवळ सुरू केली. वर्गणी फक्त १ डॉलर! लोकांच्या रेट्यामुळे १९६५ मध्ये राज्याने भरावावर लक्ष ठेवणारा आयोग नेमला आणि १९६९ मध्ये तो कायमचा केला. दक्षिण खाडीतल्या रहिवाशांनीही पाठपुरावा केला. १९७२ च्या कायद्याने इथे अभयारण्य झालं. त्यासाठी झटलेले खासदार डॉन एडवर्ड्स यांचं नाव त्याला १९९५ मध्ये दिलं गेलं. त्याचं मुख्यालय आपल्या फ्रीमाँटमध्येच आहे!

मग आता काम संपलं का? आम्ही आयटीवाले म्हणतो, बग मुळाशी जाऊन काढावा. इथे मूळ आपल्या दारात आहे. रस्त्याकडेच्या जाळीतून आत जाणारं पावसाचं पाणी सांडपाण्यासारखं शुद्ध होत नाही, ते ओढ्या-नाल्यांतून थेट खाडीत जातं. उन्हाळाभर साचलेलं गाडीचं तेल, सिगारेटची थोटकं, प्लॅस्टिक हे सगळं पहिल्या जोरदार पावसात वाहून जातं. प्लॅस्टिकचे तुकडे खाद्य समजून पक्षी गिळतात.

काहीजण म्हणतात, "आपण व्हिसावर आलेले, आपल्याला मत कुठे आहे?" अहो, झाडू मारायला नागरिकत्व लागत नाही. आयोगाच्या जाहीर सुनावणीत बोलायलाही लागत नाही. मुलं इथेच वाढताहेत, मग पाहुण्यासारखं किती वर्षं राहायचं?

इथला पाऊस साधारण दिवाळीच्या आसपास सुरू होतो. म्हणून माझी एक सूचना आहे. कार्यक्रम संपला की हॉलबरोबर पार्किंग लॉटही झाडूया, आणि फराळासाठी प्रत्येकाने घरून स्टीलची ताटली आणूया. घासायला मी आहेच!