खड्डा, अर्ज आणि न्यायालय

(मंडळाच्या गणेशोत्सवात इंदूर येथे दिलेले भाषण)



आधी एक कबुली देतो. आम्ही सिव्हिलचा डिप्लोमा केला आणि वीस वर्षे राज्य शासनाच्या नोकरीत रस्त्यांच्या कामावर आहोत. म्हणजे खराब रस्त्यांसाठी लोक ज्यांना कोर्टात खेचतात, त्यांच्यापैकीच आम्ही एक.

गेल्या पावसाळ्यात आमच्या सौ. भाजी घेऊन येताना पाण्याने भरलेल्या खड्ड्यात स्कूटरसकट पडल्या. मनगट मोडले. शेजारचे काका म्हणाले, "अर्ज द्या." आम्ही टाळले. सरकारी नोकराने सरकारकडेच तक्रार कशी करायची? सौ. म्हणाल्या, "अहो, उद्या तिथे दुसरे कोणी पडले तर?" आठ दिवसांनी त्याच जागी शाळेतून येणारा एक मुलगा पडला. तेव्हा कुठे आम्ही अर्ज लिहिला. त्या आठ दिवसांची लाज आजही वाटते.

आपल्या शेजारच्या रतलामच्या लोकांनी अशी लाज बाळगली नव्हती. तिथल्या न्यू रोड भागातले रहिवासी उघडी गटारे आणि दुर्गंधी यांना कंटाळून उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे गेले. नगरपालिका म्हणाली, पैसे नाहीत. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १९८० मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी निकाल दिला, की पैसे नाहीत ही सबब सांगून नगरपालिकेला कर्तव्य टाळता येणार नाही. त्या रहिवाशांनी वापरलेले कलम १३३ सार्वजनिक रस्त्यावरच्या उपद्रवालाही लागू होते. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ते आता कलम १५२ आहे.

पुढे मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये खड्ड्यांची दखल स्वतःहून घेतली आणि चांगला रस्ता हा जगण्याच्या हक्काचा भाग ठरवला. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने खड्ड्यामुळे मृत्यू झाल्यास वारसांना ६ लाख, तर जखमींना ५० हजार ते २.५ लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. तो आदेश महाराष्ट्रातला आहे. पण सुरक्षित रस्ता हा घटनेच्या कलम २१ मधला हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयानेही २०२५ मध्येच सांगितले, आणि तो वाद आपल्या मध्य प्रदेशातल्याच एका रस्त्याच्या कंत्राटाचा होता.

आता कार्यालयाच्या आतली गोष्ट सांगतो. फोनवरची तक्रार हवेत विरते. लेखी अर्जावर आवक क्रमांक पडला, की फाइल तयार होते आणि कोणाला तरी उत्तर द्यावे लागते. म्हणून आधी रस्ता कोणाचा ते विचारा: नगर निगमचा, लोकनिर्माण विभागाचा की राष्ट्रीय महामार्गाचा. खड्ड्याचा तारखेसह फोटो काढा. अर्ज देऊन पोच घ्या, १८१ वरही तक्रार नोंदवा. काम कोणत्या ठेकेदाराचे आणि दुरुस्तीची जबाबदारी त्याच्यावर कधीपर्यंत, हे माहितीच्या अधिकारात मागा. उत्तराची मुदत ३० दिवस असते. एवढे करूनही कोणी हलले नाही, तर खुशाल कोर्टात जा. तिथे पहिला प्रश्न हाच असतो, की तुम्ही कोणाला, कधी कळवले? आणि खरे सांगतो, कोर्टाचा आदेश आला की आमच्यासारख्या खालच्या माणसाचेही बळ वाढते. वर्षभर अडकलेला प्रस्ताव मग पुढे सरकतो.

शेवटी एक घरचा आहेर. डांबराचा मोठा शत्रू पाणी. मांडवाच्या खांबांसाठी आपण रस्त्यात खड्डे करतो आणि विसर्जनानंतर ते तसेच सोडतो. पाणी तिथूनच आत शिरते. यंदा मांडव उतरवल्यावर आधी ते खड्डे नीट बुजवू. मग दुसऱ्याकडे मागताना मान ताठ राहील.

गणपती बाप्पा मोरया!