प्रवेश परीक्षेतील गुणांचा अंदाज : का घ्यावा, कसा घ्यावा
(विद्यार्थी मार्गदर्शन शिबिर, रत्नागिरी येथे दिलेले भाषण)



आजच्या शिबिरात व्यवस्थापन शाखेच्या, म्हणजे एम.बी.ए.च्या प्रवेश परीक्षांवर बोलण्याची जबाबदारी माझ्यावर सोपविण्यात आली आहे. अभ्यास कसा करावा, कोणती पुस्तके वाचावीत, वेळापत्रक कसे आखावे, हे सांगणारे पुष्कळ आहेत. म्हणून मी एक वेगळाच विषय निवडला. पेपर देऊन आल्यापासून निकाल लागेपर्यंत काही आठवडे जातात. या काळात विद्यार्थ्याने काय करावे, हे सहसा कोणी सांगत नाही. आणि नेमक्या याच काळात घरोघरी मोठे निर्णय घेतले जातात. पुढचे अर्ज भरायचे की नाही, आलेली नोकरी धरायची की सोडायची, आणखी एक वर्ष अभ्यासाला द्यायचे की नाही, हे सारे निर्णय "मला किती गुण पडतील" या एका अंदाजावर उभे असतात. अंदाज चुकला की निर्णय चुकतो.

हे नुकसान दोन प्रकारचे असते. काही विद्यार्थी सोडविलेला प्रत्येक प्रश्न बरोबर धरतात, गावभर मोठा आकडा सांगतात आणि दुसरे अर्ज भरतच नाहीत. निकाल लागतो तेव्हा इतर दारे बंद झालेली असतात. दुसरे विद्यार्थी याच्या उलट. पेपर अवघड गेला की "माझे काही खरे नाही" म्हणून ते सर्व कागद गुंडाळून ठेवतात आणि मुंबईला मिळेल त्या कामावर जातात. निकालानंतर कळते की पेपर सर्वांनाच अवघड गेला होता आणि यांचा क्रमांक चांगला होता. पण नोंदणीची मुदत संपलेली असते. ज्या घरात पदवीपर्यंत पोचलेली ही पहिलीच पिढी आहे, तेथे हे दुसरे नुकसान अधिक होते, कारण "थांब, आधी हिशेब करून बघू" असे म्हणणारे घरात कोणी नसते. ते म्हणण्यासाठीच मी आज उभा आहे.

प्रथम एक गोष्ट पक्की ध्यानात घ्या. गुण वेगळे आणि पर्सेंटाइल, म्हणजे मराठीत शतमक, वेगळे. शाळेत आपल्याला टक्क्यांची सवय असते. शंभरातले नव्वद म्हणजे उत्तम. येथे तसे नाही. तालुक्याच्या क्रीडास्पर्धेतील धावण्याची शर्यत घ्या. तुम्हाला किती सेकंद लागले, ते तुमचे गुण. तुमच्या मागे किती जण राहिले, ते तुमचे पर्सेंटाइल. ९० पर्सेंटाइल म्हणजे दर शंभरातील सुमारे नव्वद जण तुमच्या मागे आणि दहा जण पुढे. ते नव्वद टक्के गुण नव्हेत.

हा फरक किती मोठा आहे ते पहा. आय.आय.एम. संस्थांची कॅट परीक्षा २०२४ साली ६८ प्रश्नांची आणि २०४ गुणांची होती. सुमारे २ लाख ९३ हजार विद्यार्थी तिला बसले. म्हणजे ९९ पर्सेंटाइल मिळविणाऱ्याच्या पुढेही सुमारे २,९३० जण होते आणि ९० वाल्याच्या पुढे सुमारे २९,३००. आणि अलीकडच्या वर्षांत एकूण गुणांच्या निम्म्याहून कमी गुण मिळवूनही ९९ पर्सेंटाइल गाठता आलेले आहे. तेव्हा "निम्मा पेपरही जमला नाही" म्हणून रडत बसणारा विद्यार्थी कदाचित देशात दर शंभरांत पहिला असू शकतो. शिवाय दरवर्षी पेपरची काठिण्यपातळी बदलते. २०२३ साली ज्या गुणांवर ९९ पर्सेंटाइल मिळाले, तेवढे गुण २०२४ साली पुरले नाहीत. म्हणून मागील वर्षीचा तक्ता पुढे ठेवून यंदाचे भविष्य सांगू नये.

आणखी एक गुंता आहे. कॅट २००९ पासून संगणकावर होते आणि २०२० पासून एकाच दिवशी तीन सत्रांत घेतली जात आहे. आपल्या राज्याची एम.बी.ए. सीईटीही अनेक सत्रांत होते. प्रत्येक सत्राचे प्रश्न वेगळे. सकाळची शर्यत कोरड्या मैदानावर झाली आणि दुपारची, एक सर पडून गेल्यावर, चिखलात झाली, तर नुसते सेकंद पाहून चालेल काय? म्हणून प्रत्येक सत्रातील विद्यार्थ्यांची कामगिरी पाहून गुणांचा मेळ घातला जातो. यालाच सामान्यीकरण म्हणतात. कॅटमध्ये गुणपत्रिकेवर येतात ते असे मेळ घातलेले गुण. आपण घरी मोजलेले कच्चे गुण नव्हेत. दोहोंत काही गुणांचा फरक पडतो. मैत्रिणीला सकाळच्या सत्रात किती गुण पडतील, यावरून आपल्या दुपारच्या पेपराची किंमत ठरवू नका.

आता प्रत्यक्ष अंदाजाकडे वळू. आपल्या आंबा बागायतदाराला हे शास्त्र शिकवावे लागत नाही. झाड मोहोराने भरले म्हणून तो तेवढ्या पेट्या मोजत नाही. तुडतुडा पडेल, अवकाळी पाऊस येईल, फळगळ होईल, हे सारे वजा करून तो उत्पन्न धरतो. तुम्ही सोडविलेले प्रश्न म्हणजे मोहोर. बरोबर आलेले प्रश्न म्हणजे फळ. अंदाज फळाचा घ्यायचा आहे.

त्यासाठी पेपर सोडवितानाच मनात तीन रकाने करा : खात्रीचे, शंकेचे आणि निव्वळ अंदाजाचे. सभागृहातून बाहेर आल्यावर, चर्चेच्या घोळक्यात शिरण्यापूर्वी, वहीत विभागवार तीन आकडे लिहून टाका. परतीच्या गाडीत बसेपर्यंत निम्मे विसरायला होते आणि इतरांच्या बढाया ऐकून उरलेले निम्मे बदलते.

उदाहरण म्हणून राज्याची एम.बी.ए. सीईटी घेऊ. या परीक्षेत २०० प्रश्न आणि १५० मिनिटे असे स्वरूप अनेक वर्षे राहिले आहे आणि चुकीच्या उत्तराला गुण कापले गेलेले नाहीत. त्या वर्षीच्या माहितीपत्रकात हे तपासून घ्या. गुण कापले जाणार नसतील तर एकही प्रश्न रिकामा सोडणे म्हणजे पदरचे टाकून देणे होय. समजा, ९० प्रश्न खात्रीचे होते, ५० शंकेचे आणि ६० वेळ संपत आल्यावर नुसते टिचकावलेले. खात्रीच्या दहापैकी नऊ बरोबर धरा : ८१. शंकेचे निम्मे : २५. निव्वळ अंदाजाचे, चार पर्याय असल्यास चारात एक : १५. बेरीज १२१. आता हेच गणित हात आखडून करा : ७२, २० आणि १०, म्हणजे १०२. मग जरा सढळ हाताने : ८५, ३० आणि १८, म्हणजे १३३. तुमचे उत्तर "१२१" नाही. तुमचे उत्तर "१०२ ते १३३ च्या दरम्यान, बहुधा १२० च्या आसपास" असे आहे. अंदाज हा नेहमी दोन आकड्यांच्या मधला असतो. जो एकच आकडा छातीठोकपणे सांगतो, त्याने अंदाज केलेला नसतो, इच्छा सांगितलेली असते.

कॅटचा हिशेब थोडा निराळा. बरोबर उत्तराला ३ गुण, पर्यायी प्रश्नाचे उत्तर चुकल्यास १ गुण वजा, आणि उत्तर टंकित करावयाच्या प्रश्नाला चूक झाली तरी वजाबाकी नाही. समजा, एकाने ४० प्रश्न सोडविले. तो म्हणतो, चाळीस त्रिक एकशे वीस. आता आपण मोजू. पर्यायी प्रश्नांपैकी २० खात्रीचे, त्यांत १७ बरोबर, ३ चूक. १० शंकेचे, त्यांत ४ बरोबर, ६ चूक. टंकित करावयाचे १०, त्यांत ६ बरोबर. एकूण २७ बरोबर म्हणजे ८१ गुण, ९ चुकांचे ९ वजा, राहिले ७२. कोठे १२० आणि कोठे ७२! हात आखडून मोजले तर ६० च्या घरात, सढळ हाताने मोजले तर ८० च्या थोडे वर. मात्र ७२ म्हणजे वाईट, असेही समजू नका. पर्सेंटाइल ही निराळी गोष्ट आहे, हे आताच पाहिले.

तुम्ही विचाराल, "सर, खात्रीचे दहापैकी नऊच बरोबर येतात हे कशावरून?" प्रश्न योग्य आहे. हे प्रमाण माझे नाही, ते तुम्ही स्वतःचे काढायचे आहे. त्यासाठी सराव परीक्षा. घड्याळ लावून, मध्ये न उठता, कॅट असेल तर प्रत्येक विभागाला ४० मिनिटेच देऊन आठ-दहा सराव परीक्षा द्या. प्रत्येक वेळी उत्तर तपासण्यापूर्वी तीन रकाने भरा, आपला अंदाज लिहा, मग तपासा आणि प्रत्यक्ष गुण शेजारी लिहा. यासाठी महागडा वर्ग लागत नाही. दोनशे पानी वही पुरते. काहींना कळून येईल की आपण ज्याला खात्री म्हणतो त्यातले दहापैकी सातच बरोबर येतात. त्यांनी घाई कमी करावी. काहींचे शंकेचे प्रश्नही दहापैकी सात बरोबर येतील. त्यांनी धीर वाढवावा. ही वही तुमचा स्वभाव सांगेल. पुढे परीक्षेच्या दिवशी अंदाज करताना हेच प्रमाण वापरा.

परीक्षा झाल्यावर खासगी वर्गांचे "गुण भरा, पर्सेंटाइल सांगतो" असे प्रकार सुरू होतात. ते पहायला हरकत नाही, पण त्यातील माहिती स्वेच्छेने भरलेली असते आणि ज्यांचा पेपर बरा गेला तेच उत्साहाने भरतात. त्यामुळे तेथील गर्दी खऱ्या गर्दीसारखी नसते. यापेक्षा अधिकृत उत्तरसूची भरवशाची. कॅटमध्ये ती आणि आपण दिलेली उत्तरे संकेतस्थळावर उपलब्ध होतात, आक्षेप नोंदविण्यास मुदत असते आणि प्रत्येक आक्षेपाला शुल्क असते. ती आली की अंदाजाची वही मिटा आणि नेमके कच्चे गुण मोजा. आणि मोजताना विभागवार मोजा. आय.आय.एम. संस्था एकूण पर्सेंटाइलबरोबर प्रत्येक विभागातही किमान पर्सेंटाइल पाहतात. गणितात भरघोस आणि इंग्रजीत तळाशी, असा निकाल एकूण चांगला दिसूनही मागे राहू शकतो. प्रवर्गनिहाय किमान पात्रता वेगळी असते. ती त्या त्या संस्थेच्या प्रवेश धोरणात वाचा, ऐकीव आकड्यावर विसंबू नका.

आता सर्वांत महत्त्वाचे. अंदाज करून करायचे काय? माझे सांगणे असे की अंदाजाचा उपयोग दारे उघडी ठेवण्यासाठी करा, बंद करण्यासाठी नको. अंदाज चांगला आला तर मुलाखतीची तयारी आजच सुरू करा. मध्यम आला तर इतर परीक्षांचे अर्ज भरा. आणि अंदाज कितीही कमी आला, तरी केंद्रीय प्रवेश प्रक्रियेची नोंदणी सोडू नका. राज्यातील एम.बी.ए. प्रवेशासाठी आजवरच्या नियमांत राखीव प्रवर्गाला पदवीला ४५ टक्के आणि सीईटीत शून्याहून अधिक गुण एवढीच किमान अट राहिली आहे. यादीत क्रमांक कोठे लागेल हे यादीच सांगेल. तुम्ही स्वतःच आपले नाव त्यातून खोडू नका.

यामागे पैशाचा हिशेबही आहे. पालकांचे वार्षिक उत्पन्न अडीच लाखांच्या आत असलेल्या अनुसूचित जातीच्या विद्यार्थ्याला भारत सरकारची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्ती आहे. त्याहून अधिक उत्पन्न असलेल्यांना फी सवलतीची योजना आहे. व्यावसायिक अभ्यासक्रमांना हा लाभ केंद्रीय प्रक्रियेतून प्रवेश घेतल्यास मिळतो, व्यवस्थापन कोट्यातून घेतल्यास नाही. म्हणजे निराश होऊन नोंदणी सोडणारा विद्यार्थी पुढे त्याच महाविद्यालयात गेला, तरी लाखांची फी त्याच्या बापाला कर्ज काढून भरावी लागेल.

निकालाची वाट पाहण्याचे आठवडे कागदपत्रांसाठी वापरा. जातीचा दाखला, जात वैधता प्रमाणपत्र, उत्पन्नाचा दाखला, अधिवास. आय.आय.एम.सारख्या केंद्रीय संस्थांत अनुसूचित जातींना १५ टक्के जागा राखीव आहेत आणि १९९० च्या कायदेदुरुस्तीने बौद्धांनाही या सवलती लागू झाल्या. पण तेथे दाखला केंद्राच्या नमुन्यात द्यावा लागतो. तहसील कचेरीतील फेऱ्यांना वेळ लागतो. निकाल हाती आल्यावर धावाधाव करण्यापेक्षा आताच फाईल तयार ठेवा.

पालकांना एक विनंती. मुलगा किंवा मुलगी पेपर देऊन आली की "किती पडतील?" हा प्रश्न उंबरठ्यावर विचारू नका. आधी जेवू घाला. दुसऱ्या दिवशी वही घेऊन शेजारी बसा आणि विचारा, "कितीपासून कितीपर्यंत?" आणि जो आकडा ती सांगेल तो शेजारीपाजारी सांगत फिरू नका. अंदाज घरातच राहिला तर मूल खरे बोलेल. बाहेर गेला तर पुढच्या वेळी ते तुम्हाला आवडेल तोच आकडा सांगेल.

मित्रहो, गुण तुमच्या हातातून पेपरच्या दिवशीच सुटलेले असतात. त्यानंतर हाती उरतो तो प्रामाणिक हिशेब आणि त्यावर उभा केलेला निर्णय. तो हिशेब वाढवून करू नका आणि घाबरून कमीही करू नका. संस्थेच्या वाचनालयात सराव परीक्षेसाठी दर रविवारी दोन तास एकत्र बसण्याची प्रथा आपण सुरू करावी, अशी सभासदांना सूचना करून मी आपली रजा घेतो.