कॅमेऱ्यापुढची संमती



कौटुंबिक न्यायालयात वकिली करणाऱ्यांच्या परिषदेत अध्यक्षाने पोटगीवर बोलावे, अशी अपेक्षा असते. मी लग्न लागण्यावर बोलणार आहे. आपल्याकडे लग्न मोडायला आल्याशिवाय कुणी येत नाही, त्यामुळे ते लागले कसे हे आपण उशिराच विचारतो.

२०२० च्या टाळेबंदीत मोबाइलवर पुष्कळ लग्ने लागली. वधूवर एकाच मांडवात आणि पाहुणे तेवढे पडद्यावर असतील, तर तिथे कायद्याचा प्रश्न नव्हताच. प्रश्न येतो तो नवरी सांगलीत आणि नवरा टोरांटोत असताना. हिंदू विवाह कायद्याच्या कलम ७ प्रमाणे विधी रूढीनुसार व्हायला हवेत. सप्तपदी त्यात असेल तर सातवे पाऊल टाकल्यावरच विवाह पूर्ण होतो. दोघे दोन खंडांत असताना ही पावले बरोबर कशी टाकायची? मागाहून दाखला काढूनही भागत नाही. विधीच झाले नसतील तर नुसत्या नोंदणीने हिंदू विवाह होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डॉली राणी प्रकरणात २०२४ मध्ये स्पष्ट सांगितले आहे. व्हिडिओ कॉलवर मंगलाष्टके झाली म्हणून निर्धास्त असलेल्या पक्षकारांना हे आजच सांगा.

वाट आहे ती १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात. तिथे विधीची सक्ती नाही. विवाह अधिकारी आणि तीन साक्षीदार यांच्या उपस्थितीत दोघांनी एकमेकांचा स्वीकार उच्चारायचा, की विवाह झाला. आता ही उपस्थिती पडद्यावरची चालेल का? महाराष्ट्र शासन विरुद्ध प्रफुल्ल देसाई या आपल्याच राज्यातल्या प्रकरणाने २००३ मध्येच दार किलकिले केले. अमेरिकेतल्या डॉक्टरची साक्ष व्हिडिओ कॉन्फरन्सवर घ्यायला सर्वोच्च न्यायालयाने मान्यता दिली. उपस्थिती म्हणजे देहाने एकाच खोलीत असणेच, हा अर्थ नाकारला. फौजदारी खटल्यात जे चालते, ते विवाह अधिकाऱ्याच्या कचेरीत का चालू नये? २०२१ मध्ये दिल्ली आणि पंजाब-हरियाणा उच्च न्यायालयांनी विवाहनोंदणीसाठी पडद्यावरची हजेरी मान्य केली. त्याच वर्षी केरळ उच्च न्यायालयाने अंतरिम आदेशाने विवाहच तसा लावू दिला. साक्षीदारांनी मात्र अधिकाऱ्यापुढे प्रत्यक्ष यायचे आणि पडद्यावरची व्यक्ती ओळखायची. २०२२ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने अमेरिकेतल्या नवऱ्याच्या वतीने मुखत्यारपत्रावर नवरीलाच सही करू दिली.

पण नाशिकच्या मुलीने हे निकाल दाखवले, तर इथला अधिकारी म्हणणार, ‘मुंबई उच्च न्यायालयाचा आदेश आणा.’ आणि त्याचे चूकही नाही. लग्नासाठी प्रत्येक जोडप्याने रिट दाखल करायची, ही काही व्यवस्था झाली नाही.

पुराव्याच्या बाजूने पाहिले तर मला पडद्यावरच्या विवाहाचे आकर्षणच वाटते. भाऊराव लोखंडे प्रकरण आपण सगळ्यांनी वाचले आहे. १९६५ चा निकाल. दुसरे लग्न गांधर्व पद्धतीने लागल्याचे सांगितले गेले, आवश्यक विधी सिद्ध झाले नाहीत, आणि पहिली पत्नी हयात असताना पुन्हा लग्न केल्याच्या आरोपातून माणूस सुटला. तेव्हापासून पहिल्या बायकोची बाजू घेऊन उभे राहताना आपली दमछाक ठरलेली. अक्षता पडतानाचे फोटो ढिगाने मिळतात, जेवणावळीचे त्याहून जास्त. सातवे पाऊल कुणाच्याच अल्बममध्ये नसते. अधिकाऱ्याने स्वतः ध्वनिचित्रमुद्रित केलेल्या विवाहात अशी पळवाट उरणार नाही.

भीती मला वाटते ती चौकटीबाहेरची. मोबाइलसमोर बसलेली मुलगी ‘हो’ म्हणते, आणि मोबाइलमागे तिचा काका उभा असतो. कचेरीत निदान अधिकारी सगळ्यांना बाहेर घालवून तिला एकटीला विचारू शकतो. म्हणून दोघांपैकी प्रत्येकाने आपापल्या ठिकाणच्या अधिकाऱ्यापुढे बसावे. परदेशात त्यासाठी नवे खाते उघडायला नको. १९६९ च्या विदेशी विवाह कायद्याने वकिलातींत विवाह अधिकाऱ्यांची सोय आधीच केली आहे. (तीस दिवसांची नोटीस फलकावर लावून आंतरजातीय जोडप्यांचे जे हाल होतात, ते कॅमेऱ्याने कधीच केलेले नाहीत. तो विषय आज बाजूला ठेवते, सोडत नाही.)

पडद्यावरची उपस्थिती मान्य करणारी दुरुस्ती संसदेनेच केली पाहिजे असेही नाही. विवाह हा विषय समवर्ती सूचीत आहे. तमिळनाडूने १९६७ मध्ये हिंदू विवाह कायद्यात कलम ७-अ घालून पुरोहिताविना होणारे स्वाभिमान विवाह कायदेशीर केले. सत्यशोधक लग्नांची परंपरा असलेल्या महाराष्ट्राने विशेष विवाह कायद्याच्या कलम ११ आणि १२ मध्ये तेवढीच दुरुस्ती करून राष्ट्रपतींकडे पाठवायला काय हरकत आहे?

या मागणीच्या ठरावाचा मसुदा तुमच्या हाती दिला आहे. मुखत्यारपत्राची मुभा मी त्यात मुद्दाम ठेवलेली नाही; स्वीकार ज्याचा त्यानेच उच्चारावा आणि डिजिटल सहीही ज्याची त्यानेच करावी, असे माझे मत आहे. मदुराईचा निकाल याच्या उलट जातो, हे मला ठाऊक आहे. दुपारच्या सत्रात यावर माझ्याशी मनसोक्त भांडा.