कातालिन कारादी : हंगेरियन बोलपटाचा मंद्र स्वर

हंगेरियन चित्रपटाचा इतिहास बहुधा चेहऱ्यांचा आणि कथानकांचा इतिहास म्हणून सांगितला जात असला, तरी कातालिन कारादी या अभिनेत्रीचे मोठेपण तिच्या आवाजात शोधले पाहिजे, हे या व्याख्यानाचे प्रतिपादन आहे. दुसऱ्या महायुद्धाची पार्श्वभूमी श्रोत्यांना परिचित असल्याने तिचा विस्तार येथे केलेला नाही.

१९१० साली बुडापेस्टच्या कोबान्या या कामगारवस्तीत, कान्ट्सलर आडनावाच्या गरीब घरात जन्मलेल्या या मुलीला 'कारादी' हे नाव झोल्तान एग्येद या पत्रकाराने दिले. ती पडद्यावर येण्याआधी हंगेरीत १९३१ च्या 'हिप्पोलित' या विनोदी बोलपटाला मोठे यश लाभले आणि पुढे हलक्याफुलक्या प्रेमकथांची चलती झाली. या वातावरणात १९३९ साली लास्लो काल्मार यांचा 'हालालोश तावास' (जीवघेणा वसंत) हा चित्रपट आला. लायोश झिलाही यांच्या कादंबरीवरील या चित्रपटात पाल यावोर या लोकप्रिय नटासमोर कारादीने एडिट राल्बेन ही नायकाच्या सर्वनाशाला कारण ठरणारी स्त्री उभी केली. तिचा स्वर आल्टो, म्हणजे स्त्रीकंठाच्या खालच्या पल्ल्यातला होता. रंगमंचावर शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवावा लागतो, तर मायक्रोफोन श्वाससुद्धा टिपतो. हा फरक कारादीने अचूक हेरला आणि ती गाणे जवळजवळ बोलल्यासारखे, एकाच माणसाला ऐकू जावे इतक्या हलक्या आवाजात म्हणू लागली. पुढील पाचएक वर्षांत तिचे सुमारे वीस चित्रपट झाले.

तिचा तो स्वर मूळ ध्वनिमुद्रिकेतच ऐकावा, हे इष्ट.

मार्च १९४४ मध्ये जर्मन फौजांनी हंगेरी ताब्यात घेतली. हंगेरीच्या गुप्तचर यंत्रणेचे प्रमुख इश्तवान उयसासी यांच्याशी कारादीचे प्रेमसंबंध असल्याने गेस्टापोने, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांनी, तिला हेरगिरीच्या आरोपावरून अटक करून तिचा छळ केला. 'माचिता' या चित्रपटात तिने गुप्तहेर स्त्रीची भूमिका केली होती, तो चित्रपटही त्याच वर्षीचा. सुटकेनंतर तिने जे केले, ते विषयाच्या चौकटीबाहेरचे असले तरी टाळता येण्याजोगे नाही. ऑक्टोबर १९४४ मध्ये सत्तेवर आलेल्या 'ॲरो क्रॉस' या फॅसिस्ट पक्षाचे सशस्त्र लोक ज्यूंना डॅन्यूबच्या काठावर नेऊन गोळ्या घालत असत. तेथे नेलेल्या मुलांना कारादीने आपले सोने आणि दागिने देऊन सोडवले व स्वतःच्या घरात आसरा दिला. छळ सोसून नुकत्याच सुटलेल्या, शहरभर ओळखल्या जाणाऱ्या स्त्रीने हे करावे, यातले धैर्य शब्दांत मावणारे नाही. २००४ साली इस्रायलच्या याद वाशेम या स्मारकसंस्थेने तिला मरणोत्तर गौरवले. ज्यूंना वाचवणाऱ्या अन्यधर्मीयांसाठीचा हा सन्मान आहे.

नटीच्या कलेचे माप तिच्या शौर्याने घेऊ नये, हा आक्षेप रास्त आहे. म्हणूनच येथे तिच्या आवाजाचा आग्रह धरला आहे, कारण तो या शौर्याआधीही तितकाच थोर होता.

तिचे उर्वरित आयुष्य थोडक्यात असे. १९४८ मध्ये चित्रपट-उद्योगाचे राष्ट्रीयीकरण झाले आणि नव्या राजवटीत तिला स्थान उरले नाही. १९५१ मध्ये तिने देश सोडला. पुढे ती ब्राझीलमध्ये साओ पाउलोला आणि नंतर न्यूयॉर्कला राहिली, टोप्यांचे दुकान चालवले, पण चित्रपटात पुन्हा उतरली नाही. १९९० मध्ये न्यूयॉर्कमध्ये तिचे निधन झाल्यावर दफन मात्र बुडापेस्टला झाले. पेतर बाचो यांनी २००१ साली तिच्या जीवनावर आधारलेला चित्रपट काढला, तेव्हा त्याला तिच्या कोणत्याही चित्रपटाचे नव्हे, तर तिच्या एका गाण्याचे नाव दिले. तिच्या देशाच्या स्मरणात काय टिकले याचा हा पुरावा असून, तिच्या कारकिर्दीचा अभ्यास ध्वनिमुद्रिकांपासूनच सुरू झाला पाहिजे.