व्होल्टाच्या गावी ४० मिनिटं



दहावीच्या वर्गाला मी ३१ वर्षं विज्ञान शिकवलं. म्हणजे निदान ३१ वेळा फळ्यावर काचेचं भांडं काढलं, त्यात एक तांब्याची पट्टी, एक जस्ताची पट्टी, सौम्य सल्फ्युरिक आम्ल, आणि खाली अधोरेखित करून लिहिलं : साधा विद्युतघट. व्होल्ट हा शब्द किती वेळा तोंडातून गेला असेल याला गणती नाही. पण हा व्होल्टा कुठल्या गावचा, ते गाव दिसतं कसं, तिथली माणसं खातात काय, हे मला एकाही पोरानं विचारलं नाही. विचारलं असतं तर पंचाईतच झाली असती म्हणा.

मुलगी मिलानला शिकायला गेली. गेल्या मे महिन्यात आम्ही दोघं महिनाभर तिच्याकडे होतो. एका संध्याकाळी तिनं तिकिटं हातात ठेवली. "बाबा, कोमोच्या तलावावर जाऊन या. बस आहे, बोट आहे, गाईड आहे. तुला काही शोधत बसायला नको." खरं तर मिलानहून कोमोला रेल्वेनं तासाभरात जाता येतं, आणि पुष्कळ स्वस्तात. पण आमची ही म्हणाली, "अहो, स्टेशनवर उभं राहून पाट्यांची अक्षरं लावत बसण्यापेक्षा कुणाच्या तरी मागून चालू."

गाईडबरोबरच्या सहलीला नाकं मुरडायची एक पद्धत आहे. मीही मुरडत असे. पण त्या दिवसानंतर माझं मत थोडं बदललंय. गाईडच्या मागून जायला हरकत नाही. फक्त जाताना आपलं स्वतःचं असं एक कारण खिशात असावं. माझ्या खिशात व्होल्टा होता. हिच्या खिशात काय होतं ते पुढे कळेलच.

सकाळी बस निघाली. प्रत्येकाच्या कानात एकेक यंत्र, गाईडबाईंच्या हातात मिटलेली छत्री, छत्रीला पिवळी फीत. मिलान ते कोमो साधारण ५० किलोमीटर. तेवढ्या वेळात बाईंनी तलावाकाठी बंगले घेतलेल्या झाडून साऱ्या नटनट्यांची यादी म्हणून दाखवली. व्होल्टाचं नाव एकदा आलं, तेही बस वळत असताना.

तलावाचा आकार मात्र त्यांनी छान समजावला. आपल्याकडची बेचकी उलटी धरा. वरचा दांडा उत्तरेकडे आल्प्समध्ये गेलेला, खालचे दोन फाटे दक्षिणेला. डाव्या फाट्याच्या टोकाला कोमो, उजव्याच्या टोकाला लेक्को, आणि जिथं फाटे फुटतात त्या कोपऱ्यात बेल्लाजो. हिमनद्यांनी कोरलेलं हे खोरं ४०० मीटरहून जास्त खोल आहे. आद्दा नदी वरून येऊन तलावाला मिळते आणि बाहेर पडते ती लेक्कोच्या बाजूनं. मग कोमोच्या फाट्यातल्या पाण्यानं जायचं कुठं? कुठंच नाही. तो फाटा म्हणजे पुढं वाट नसलेला बोळ. म्हणून मोठा पाऊस झाला की कोमो शहरात काठावरच्या काव्हूर चौकात पाणी शिरतं. ते अडवायला भिंती आणि पंप बसवण्याचं काम २००८ मध्ये सुरू झालं आणि वर्षानुवर्षं रखडलं. तलावाकाठच्या शहरात तलावच पत्र्यांच्या कुंपणाआड गेला होता. हे ऐकून मला एकदम घरच्यासारखं वाटलं.

कोमोचं कॅथेड्रल १३९६ मध्ये बांधायला घेतलं आणि पुरं व्हायला साडेतीनशे वर्षांच्या वर लागली. त्याच्या दर्शनी भिंतीवर, दरवाजाच्या दोन अंगांना, दोन माणसं ऐसपैस बसलेली आहेत. संत नव्हेत. ते आहेत थोरला प्लिनी आणि त्याचा भाचा धाकटा प्लिनी, दोघेही रोमन, दोघेही ख्रिस्ती नसलेले, आणि तरी देवळाच्या दारात. गावचे म्हणून. थोरला इ.स. ७९ मध्ये व्हेसुव्हियसच्या स्फोटात गेला. धाकट्याची या तलावावर घरं होती. एक उंच खडकावर, दुसरं पाण्यालगत. उंच घराला तो 'शोकांतिका' म्हणे आणि खालच्याला 'विनोदिका', कारण रोमन रंगभूमीवर शोकांतिकेतले नट उंच तळव्यांचे बूट घालत आणि विनोदी नट सपाट वहाणा. घराला असं नाव ठेवणारा माणूस मला फार आवडला.

मग बाई म्हणाल्या, ४० मिनिटं मोकळी.

हिनं रेशमी रुमालांच्या दुकानाचा रस्ता धरला. कोमोचं रेशीम प्रसिद्ध आहे. पंधराव्या शतकात मिलानचा ड्यूक लुदोविको स्फोर्झा यानं या भागात तुतीच्या लागवडीला जोर दिला आणि पुढे शेतकऱ्यांच्या घराघरात किडे वाढू लागले. बायका रेशीमकिड्यांची अंडी ऊब मिळावी म्हणून अंगाशी धरून ठेवत. आज तुती नाही, किडे नाहीत. कच्चा धागा येतो बहुतेक चीनमधून. विणायचं, रंगवायचं आणि छापायचं तेवढं इथं होतं. हे सगळं हिनं दुकानातल्या मुलीकडून काढून घेतलं, आणि रुमाल घेतला नाही.

मी हिशेब घातला. कॅथेड्रलपासून व्होल्टाच्या मंदिरापर्यंत जायला दहा मिनिटं, यायला दहा. आत वीस.

मंदिरच म्हणतात त्याला, तेंपिओ व्होल्तियानो. तलावाच्या अगदी काठावर, घुमट आणि खांबांचं, रोमच्या पँथिऑनची धाकटी आवृत्ती. व्होल्टा १८२७ मध्ये वारला. त्याला शंभर वर्षं झाली तेव्हा एका स्थानिक उद्योगपतीनं हे बांधून शहराला दिलं. युरो यायच्या आधी इटलीची १०,००० लिरांची नोट होती, तिच्या एका बाजूला व्होल्टा आणि दुसऱ्या बाजूला हे मंदिर. मला वाटतं, नोटेवर शास्त्रज्ञ छापणाऱ्या देशाला बाकी पुष्कळ माफ करावं.

आत काचेच्या कपाटांत ती चळत उभी होती. चांदीची किंवा तांब्याची चकती, त्यावर जस्ताची, त्यावर मिठाच्या पाण्यात भिजवलेला कापडाचा किंवा पुठ्ठ्याचा तुकडा; पुन्हा चकती, पुन्हा चकती, पुन्हा तुकडा. काचेच्या दांड्यांच्या मधोमध रचलेली उतरंड. वरच्या टोकाला एक तार, खालच्याला एक. सतत वाहणारी वीज माणसाच्या हाती पहिल्यांदा लागली ती अशी. त्याआधी वीज म्हणजे घासून काढलेली ठिणगी, चमकली की संपली. त्याच काळातला शास्त्रज्ञ गाल्व्हानी म्हणत होता, वीज बेडकाच्या अंगात आहे. व्होल्टा म्हणाला, बेडकाला सोडा, ती दोन धातूंच्या भेटीत आहे. या शोधाचं पत्र त्यानं लंडनच्या रॉयल सोसायटीला धाडलं. तारीख २० मार्च १८००. वर गावाचं नाव : कोमो.

आणि एक गोष्ट मला माहीत नव्हती. हा माणूस १७७४ पासून इथल्याच शाळेत पदार्थविज्ञान शिकवत होता. शाळामास्तर! पाठ्यपुस्तकात तो नेहमी झुपकेदार केसांच्या चित्रात येतो, महापुरुषासारखा. फळ्यापुढे उभा असलेला मला कधी दिसलाच नव्हता.

कपाटातली सगळीच उपकरणं त्याच्या हातची नाहीत. घटाच्या शोधाला शंभर वर्षं झाली म्हणून १८९९ मध्ये कोमोत मोठं प्रदर्शन भरलं. त्याला आग लागली आणि व्होल्टाच्या मूळ वस्तूंपैकी बऱ्याच जळून गेल्या. आग विजेच्या तारांतूनच लागली असं सांगतात. उरलेल्या वस्तूंच्या शेजारी आता हुबेहूब नकला मांडल्या आहेत.

१९२७ मध्ये याच गावात जगभरचे पदार्थवैज्ञानिक जमले होते. नील्स बोर यांनी पूरकतेचं तत्त्व पहिल्यांदा जाहीरपणे मांडलं ते इथं. हायझेनबर्ग होते, फर्मी होते. आईनस्टाईन आले नाहीत; मुसोलिनीच्या इटलीत त्यांना यायचं नव्हतं. आपले मेघनाद साहा मात्र आले होते. साहांनी या घुमटाखाली मान वर केली असेल का, असं मनात आलं. मग आठवलं, मंदिर उघडलं १९२८ मध्ये.

या विचारात घड्याळ बघायचं राहून गेलं. मी सहा मिनिटं उशिरा पोचलो. ३८ माणसं धक्क्यावर उभी, पिवळी फीत जोरजोरात हलतेय. बाई काही बोलल्या नाहीत, पण ३१ वर्षं मी उशिरा येणाऱ्या पोरांकडे ज्या नजरेनं पाहिलं, ती नजर मला तिथं परत मिळाली.

बोट निघाली. बाई सारख्या "डावीकडे बघा" म्हणत होत्या, कारण मोठे वाडे डाव्या काठाला. चेर्नोब्बिओ, मग जॉर्ज क्लूनीच्या बंगल्याचं लालिओ. सगळे मोबाईल डावीकडे, बोट त्या अंगाला कलते की काय वाटावं. उजव्या काठाला नेस्सो नावाचं गाव डोंगराच्या घळीत बसलंय, मधून ओढा कोसळतो, त्यावर दगडी कमान. ते आम्हा सात-आठ जणांनाच दिसलं.

अकरानंतर वारा फिरला. सकाळी पाणी शांत होतं, आता दक्षिणेकडून झुळूक सुरू झाली. खलाशाला विचारलं तर म्हणाला, ब्रेव्हा. पहाटे उत्तरेकडून डोंगरातला वारा येतो तो तिव्हानो, आणि दिवस तापला की दक्षिणेकडून ब्रेव्हा. आमच्या मालवणात दिवसा खारे वारे आणि रात्री मतलई, त्याच जातीचं हे. जमीन लवकर तापते, पाणी सावकाश. हा धडा तर मी पाठ म्हणून दाखवला असता.

पुढे बाल्बियानेल्लोचा वाडा आला, पाण्यात घुसलेल्या डोंगराच्या नाकावर. आमच्याकडे बघून बाई खुशीत म्हणाल्या, तुमच्या दीपिका आणि रणवीरचं लग्न इथं झालं! २०१८ च्या नोव्हेंबरात. हिनं मान डोलावली, जणू आम्ही वऱ्हाडात होतो. पण या वाड्याचा शेवटचा मालक जास्त मजेदार माणूस आहे. ग्विदो मोन्झिनो, गिर्यारोहक. १९७३ मध्ये एव्हरेस्टवर गेलेली पहिली इटालियन मोहीम त्यानं नेली होती. मरताना वाडा बागेसकट देशाचा वारसा जपणाऱ्या संस्थेला देऊन गेला.

त्याच काठाला वर मेझ्झेग्रा. बाई एका वाक्यात म्हणाल्या, २८ एप्रिल १९४५ ला मुसोलिनीला इथं गोळ्या घातल्या. आणि पुन्हा बागांकडे वळल्या. मला मात्र दुसरी तारीख आठवली. त्याच्या १९ दिवस आधी, ९ एप्रिलला, इटलीच्याच पूर्व भागात सेनिओ नदीवर मराठा लाइट इन्फन्ट्रीचा शिपाई नामदेव जाधव यांनी दोन जखमी साथीदारांना एकेक करून पाण्यातून आणि सुरुंगांच्या पट्ट्यातून मागे आणलं. मग एकट्यानं परत जाऊन शत्रूच्या तीन मशीनगन बंद पाडल्या, बांधावर चढले आणि मराठ्यांची युद्धगर्जना दिली. नगर जिल्ह्यातला तेवीस वर्षांचा मुलगा. व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्या देशाच्या सुटकेत आपल्या घाटावरच्या पोरांचं रक्त आहे, हे बाईंना ठाऊक नव्हतं. मी सांगितलं. त्यांनी छत्री काखेत धरून वहीत नाव लिहून घेतलं आणि स्पेलिंग विचारलं. सहा मिनिटांचा माझा गुन्हा तिथं माफ झाला.

बेल्लाजोबद्दल थोडक्यातच सांगतो, कारण बाकी सगळे त्याबद्दलच सांगतात. दगडी पायऱ्यांच्या गल्ल्या, दुतर्फा दुकानं, मे महिन्यात चालायला जागा नाही. ज्या गावाचं नाव लास व्हेगासच्या हॉटेलाला दिलं, ते गाव आता त्या हॉटेलासारखं दिसायच्या बेतात आहे. गर्दी टाळायची तर उत्तरेच्या टोकाला चालत जा. त्या जागेचं नाव पुंता स्पार्तिव्हेन्तो, वारा दुभागणारं टोक. तिथं बाक आहेत, आणि तलावाची तिन्ही अंगं एकदम दिसतात.

जेवण मात्र सांगायलाच हवं. खानावळीत शिरताच ही दारात थबकली. म्हणाली, "अहो, वास घ्या." मी घेतला. "खारा बांगडा!" ही म्हणाली.

बांगडा नव्हता, पण ती फार चुकलीही नव्हती. त्याला म्हणतात मिस्सोल्तीनो. आगोने नावाचा तलावातला मासा, आपल्या पाल्याच्या दूरच्या भाऊबंदांतला. साफ करून मिठात ठेवायचा, दोरीवर टांगून उन्हात सुकवायचा, मग डब्यात थरावर थर रचायचा, मधे तमालपत्रासारखी लॉरेलची पानं, आणि वरून दाब द्यायचा. खाताना निखाऱ्यावर भाजून, व्हिनेगर शिंपडून, पोलेंताबरोबर. पोलेंता म्हणजे मक्याच्या पिठाची घट्ट उकड. बाकीची मंडळी पिझ्झा खात होती. आमच्या हिनं दोन मासे संपवले, स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेली आणि खुणांनी विचारलं, मिठात किती दिवस? आतल्या आजीबाईंनी दोन बोटं दाखवली. हिनं मान हलवून तीन दाखवली. मग दोघी हसल्या. बिलात माणशी थोडे पैसे नुसते टेबलावर बसण्याचे लागतात, त्याला कोपेर्तो म्हणतात. भांडू नका, तो तिथला रिवाज आहे.

संध्याकाळी बसमध्ये सगळ्यांच्या हातात रेशमाच्या पिशव्या होत्या. हिच्या मांडीवर माशांचा डबा, तीन प्लास्टिकच्या पिशव्यांत बांधलेला, आणि तरी मागच्या रांगेतून कुणीतरी खिडकी उघडायला सांगितलीच.

तर श्रोतेहो, कुणी कोमोला निघालंच असेल, तर मोकळ्या वेळातली वीस मिनिटं मास्तरांसाठी राखून ठेवा. फक्त सोमवारची सहल घेऊ नका. व्होल्टाचं मंदिर सोमवारी बंद असतं.